दाटपणा कुठून आणायचा

पौषात परभणी तालुक्यातल्या पेडगावात शेताला एक फेरी मारली, की कच्चं खाण्याजोगं टोपलीभर मिळतं. हरभऱ्याचे कोवळे शेंडे, करडईची पानं, कांद्याची पात, मेथी, मुळा, गाजर. मराठवाड्यात या पाल्याचा घोळाणा करतात. पाला बारीक चिरायचा, त्यावर शेंगदाण्याचा कूट, तिखट, मीठ आणि कच्चं तेल घालून हाताने कालवायचं, आणि ज्वारीच्या भाकरीसोबत खायचं. याच गावातली मुलं शिकायला, नोकरीला पुण्याला जातात, तेव्हा त्यांच्या ताटात कच्ची भाजी येते ती पांढऱ्या, दाट, बाटलीतल्या ड्रेसिंगसकट. ते ड्रेसिंग काढून घेतलं तर भाजीही ताटातून जाते.

जिभेला दाट, मऊ काहीतरी हवं असतं आणि त्यात गैर काही नाही, असं मला मनापासून वाटतं. नुसत्या काकडीच्या चकत्या शहाणपणा म्हणून कुणी वर्षभर खात नाही. प्रश्न आहे तो हा दाटपणा आणायचा कुठून. मेयोनीजमध्ये तो तेलातून येतो. आपल्याकडे तो दह्यातून, कुटातून, फेसलेल्या मोहरीतून येत आलाय. हलकं ड्रेसिंग घरी करायचं तर या वाटा नीट तपासायला हव्यात, आणि त्यासाठी इथे दोघींना समोरासमोर बसवलं आहे. आत्यांचा जन्म पेडगावच्या शेतात आणि चुलीपुढे गेलेला. भाची परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठात अन्नतंत्र शिकली आणि आता पुण्यात नोकरी करते. दोघींचं पटत नाही, आणि दोघींच्याही म्हणण्यात तथ्य आहे.

भाची : आत्या, मला एवढंच सांग. दह्याचं दाटसर काहीतरी करून बरणीत भरून ठेवलं आणि रोज चमचाभर भाजीवर घातलं, तर त्यात वाईट काय? मी संध्याकाळी घरी पोचते तेव्हा साडेआठ झालेले असतात. त्यावेळी शेंगदाणे भाजा, कूट करा, मिरची वाटा, हे होत नाही. मग बाटली निघते.

आत्या : वाईट कोण म्हणायलंय? पण बरणीत ठेवायचं असतं ते लोणचं. कोशिंबीर, घोळाणा, हे ताट वाढल्यावर कालवायचं असतं. आधी कालवलं की पाणी सुटतंय, पाला काळा पडतोय, आन् दही आंबट होऊन बसतंय. तू ज्याला दाटपणा म्हणायलीस तो अर्ध्या तासाचा असतोय बाई.

भाची : कालवलेली भाजी नाही ठेवायची. नुसतं वरचं ठेवायचं. भाजी वेगळी, हे वेगळं.

आत्या : आन् बाटलीतलं नको कामून? पोरं तर लई आवडीनं खायलेत.

भाची : त्यात पुष्कळ तेल असतं म्हणून. खरं मेयोनीज म्हणजे तेलाचे अगदी बारीक थेंब थोड्याशा पाण्यात अडकवून ठेवलेले. अंड्याच्या पिवळ्या बलकातलं लेसिथिन त्या थेंबांना एकमेकांत मिसळू देत नाही, म्हणून ते दाट दिसतं. शंभर ग्रॅममध्ये सत्तर-ऐंशी ग्रॅम तेल. पोह्याच्या मोठ्या चमच्याने एक चमचा घेतलास तर साधारण दहा ग्रॅम तेल पोटात जातं, म्हणजे नव्वद ते शंभर कॅलरी. आणि एका चमच्यावर कुणी थांबत नाही.

आत्या : एवढं तेल मी अख्ख्या घराच्या घोळाण्याला घालत नाही.

इथे आत्यांची बाजू भक्कम आहे, पण हिशेब पुढे तपासावा लागेल. आपल्याकडच्या दुकानात मिळणारं मेयोनीज पुष्कळदा बिनअंड्याचं असतं. त्यात बलकाचं काम दुधातली प्रथिनं, स्टार्च आणि जाडी आणणारे डिंकासारखे पदार्थ करतात. ‘लाइट’ लिहिलेल्या बाटलीत तेल कमी केलेलं असतं आणि त्याची जागा पाणी व स्टार्चने भरून काढलेली असते. ते विषारी वगैरे नाही. पण स्टार्चने दाटपणा आणायचा असेल तर घरात डाळं आहे, आणि त्याला स्वतःची चवही आहे.

भाची : गाड्यांवरच्या मेयोनीजचा आणखी एक प्रश्न. तिथे कधी कधी कच्च्या अंड्याचं करतात आणि दिवसभर उन्हात ठेवतात. केरळने २०२३ मध्ये कच्च्या अंड्याच्या मेयोनीजवर बंदी घातली. तेलंगणाने ऑक्टोबर २०२४ मध्ये वर्षभरासाठी, आणि एप्रिल २०२५ मध्ये तमिळनाडूनेही. हैदराबादमध्ये लोकांना बाधा झाली होती.

आत्या : हैदराबाद म्हणजे आपल्या रेल्वेगाडीचंच गाव. आपण तर पूर्वी हैदराबादच्याच राज्यात होतो की. मंग परभणीत गाड्यावर हे खाऊ नको म्हणावं पोरांना. दह्याचं काय, ते बिघडलं तर नाक सांगतंय.

भाची : दही आंबट असतं म्हणूनच ते टिकतं. विरजणातले जिवाणू दुधातल्या साखरेचं आम्ल करतात, त्या आम्लाने दुधातली प्रथिनं एकमेकांना धरतात आणि जाळं तयार होतं. पाणी, साय, सगळं त्या जाळ्यात अडकतं. दह्याचा दाटपणा तो. त्याला तेल लागत नाही. आता अमेरिकेतलं उदाहरण सांगते. तिकडे रँच नावाचं ड्रेसिंग घरोघरी खातात. स्टीव्ह हेन्सन नावाच्या माणसाने १९५४ मध्ये कॅलिफोर्नियात सांता बार्बराजवळ एक मळा घेतला, त्याला हिडन व्हॅली नाव दिलं, आणि येणाऱ्या पाहुण्यांना स्वतः केलेलं ड्रेसिंग वाढायला सुरुवात केली. त्यात ताक, मेयोनीज, लसूण, कांदा आणि हिरवा पाला. लोक ते घरी मागायला लागले, म्हणून तो कोरडा मसाला पुडीत भरून टपालाने पाठवायचा. ताक आणि मेयोनीज लोकांनी आपापल्या घरचं घालायचं. १९७२ मध्ये एका मोठ्या कंपनीने ऐंशी लाख डॉलरला त्याचा धंदा विकत घेतला.

आत्या : ताक, लसूण, पाला. एवढं तर इथंच आहे. त्यातलं मेयोनीज काढलं की झालं.

भाची : काढलं की पातळ होतं. तिथेच तर सगळी मेख आहे. ताक भाजीला धरत नाही, खाली ताटलीत उतरतं. ते पानाला चिकटून राहायला हवं.

आत्या : मंग चक्का कर.

चक्क्याबद्दल आत्या जे सांगतात ते मुद्दाम सविस्तर लिहितो, कारण बहुतेक जण इथेच घाई करतात. दूध नुसतं गरम करून भागत नाही, चांगलं उकळावं लागतं. उकळल्याने दुधातली आणखी काही प्रथिनं त्या जाळ्यात सामील होतात आणि दही घट्ट लागतं. परभणीच्या थंडीत भांडं गोधडीत गुंडाळून किंवा चुलीच्या उबेला ठेवायचं. दही लागलं की ते हलवून मोडायचं नाही, कारण मोडलेलं दही भराभर पाणी सोडतं. जुन्या धोतराचं धुतलेलं फडकं ओलं करून पिळायचं, पातेल्यावर पसरायचं, त्यात दही अलगद ओतायचं, चार टोकं बांधून खुंटीला टांगायचं. श्रीखंडासाठी रात्रभर लागतं, पण इथे तीन-चार तास पुरे. दह्याचं वजन निम्म्याच्या आसपास उरतं. चमचा उभा राहतो, पण आडवा केला की हळूहळू ओघळतो. भाजीवर घालायला इतका घट्टपणा योग्य. पातेल्यात जमलेली हिरवट निवळी टाकून द्यायची नाही. आत्या त्यात भाकरीचं पीठ मळतात किंवा कढीत घालतात.

भाची : पण आत्या, चक्का हलका असतो असं समजू नकोस. निवळीबरोबर पाणी जातं, साय नाही जात. सगळी साय फडक्यात राहते. म्हशीच्या दुधात सहा-सात टक्के स्निग्धांश असतो. त्याचं दही टांगलंस तर चक्क्यात तो दुपटीच्या जवळ जातो.

आत्या : तरी तुझ्या मेयोनीजपेक्षा कमीच की.

भाची : पुष्कळच कमी. पण म्हशीच्या सायीसकट दुधाच्या चक्क्याला हलकं म्हणवत नाही. गाईच्या दुधाचं कर, नाहीतर साय काढून घे.

आत्या : साय काढून घेतलेलीच असती! आमच्या घरी साय तुपाला जाती. तुला तर हलकंच पायजे ना, मंग चक्का करूच नको. ताक घे. लोणी काढलेलं, पाणी न घातलेलं. रातच्याला एका उभ्या भांड्यात ठेवून दे, हलवू नको. सकाळी वर निवळ पाणी आन् खाली दाट साका बसलेला असतोय. वरचं पाणी अलगद ओतून दे. राहिलं ते घे. फडकं नाही, खुंटी नाही, साय पण नाही.

भाचीकडे यावर उत्तर नव्हतं, आणि मलाही या सगळ्या चर्चेतली सर्वांत मोलाची गोष्ट हीच वाटते. दूधदुभत्याच्या घरात लोणी आणि तूप हा पैसा. तो काढून घेतल्यावर जे उरायचं ते घरातल्यांच्या वाटणीला यायचं. म्हणजे कमी स्निग्धांशाचं दुग्धजन्य अन्न हे पेडगावात रोजच होतं, गरजेपोटी होतं, आणि त्यावर जाहिरातीची पट्टी नव्हती. ताकाचा साका दह्यापेक्षा आंबट असतो, किंचित खरखरीतही लागतो. रवीने दोन-चार वेळा फिरवला की खरखर जाते. आंबटपणा हरभऱ्याच्या पाल्यावर नकोसा होतो, कारण हरभऱ्याच्या पानांवर स्वतःचीच आंब असते. तिथे गाईच्या दह्याचा चक्काच बरा. मेथी आणि मुळ्याला मात्र साका उत्तम, त्यांचा कडवटपणा आणि उग्रपणा तो झाकतो.

भाची : आता कुटाचं. तू म्हणालीस, तुझ्या घोळाण्यात तेल कमी असतं. बरोबर. पण शेंगदाण्यात जवळजवळ निम्मं तेलच असतं. शंभर ग्रॅमला साडेपाचशेहून जास्त कॅलरी. तू मूठभर कूट घालतेस आणि वरून तेलाची धार सोडतेस. दोन मोठे चमचे कूट आणि दोन लहान चमचे तेल धरलं तर एका ताटाला पावणेदोनशे कॅलरी होतात. पाला स्वतः वीस-पंचवीस कॅलरीचा.

आत्या : मंग? तो घोळाणा खाऊन माणूस कापूस वेचायला जातोय. दिवसभर वाकतोय. त्याला दाणे लागतात.

भाची : त्याला लागतात. मला नाही लागत. मी दिवसभर खुर्चीत असते.

आत्या : मंग तू कमी घाल. कूट वाईट कशाला म्हणायलीस?

भाची : वाईट नाही म्हणत. मोजून घाल म्हणते. आणि मी तर तेल अजिबात नको म्हणणार होते.

आत्या : तेलाशिवाय घोळाणा घशाखाली उतरत नाही. पानाला तेल लागलं की मीठ-तिखट पानाला धरतंय. नाहीतर सगळं ताटात खाली.

भाची : आणि शास्त्रही थोडं तुझ्या बाजूने आहे, हे कबूल करते. गाजरातला, मेथीतला जो केशरी रंगाचा घटक असतो, ज्याचं शरीरात अ जीवनसत्त्व होतं, तो तेलात विरघळतो. सोबत थोडी तरी स्निग्धता नसेल तर तो आतड्यातून शोषलाच जात नाही म्हटलं तरी चालेल. एकदम बिनतेलाचं ड्रेसिंग घातलं तर गाजर खाण्याचा अर्धा फायदा वाया. फक्त त्यासाठी वाटीभर तेल लागत नाही. चमचाभर कूट, नाहीतर लहान चमचाभर तेल एका ताटाला पुरतं.

आत्या : आन् तेल करडईचं घे.

करडईचा विषय निघाला की पेडगावच काय, सगळा मराठवाडा थोडा हळवा होतो. परभणीच्या कृषी विद्यापीठात करडईवर वर्षानुवर्षं संशोधन चालू आहे. ‘परभणी कुसुम’ हे वाण तिथलंच. रब्बीच्या काळ्या जमिनीत मुरलेल्या ओलाव्यावर येणारं, पाणी न मागणारं पीक. पण काटे असतात, कापायला मजूर धजत नाहीत, आणि सोयाबीनचा पैसा लवकर हाती येतो. म्हणून करडईचं क्षेत्र पार आटलं. मोंढ्यात करडई आली तरी थोडी येते. घाण्याचं करडईचं तेल सौम्य असतं, कच्चं खाल्लं तरी घशाला लागत नाही, म्हणून ते घोळाण्याचं तेल झालं. त्यात लिनोलिक आम्लाचं प्रमाण फार मोठं असतं, त्यामुळे ते उघडं राहिलं की लवकर खवट होतं. लहान बाटलीत, अंधारात ठेवावं आणि महिन्याभरात संपवावं.

आत्या : नुसतं तेल नाही, करडईचं दूध पण निघतंय. रातभर भिजवायची, पाट्यावर ठेचायची, पाणी घालून फडक्यात पिळायची. पांढरंशुभ्र. लातूर-सोलापूरकडं त्याच्यात गव्हाची खीर करतात.

भाची : आणि ते दूध म्हणजे निसर्गाने केलेलं पातळ मेयोनीजच समज. बीमध्ये तेलाचे थेंब प्रथिनाच्या पातळ आवरणात बंदिस्त असतात. पाण्यात ठेचलं की ते थेंब आवरणासकट पाण्यात उतरतात, म्हणून दूध पांढरं दिसतं आणि तेल वर तरंगत नाही. ज्यांना दूध-दही चालत नाही त्यांनी कूट आणि डाळं या दुधात कालवावं. पण ताजं. ते टिकत नाही.

आत्या : टिकत नाही, टिकत नाही. तुझं सगळं टिकवण्यावर अडायलंय.

भाची : कारण टिकलं नाही तर मी करणार नाही, आत्या. आणि मी केलं नाही तर मी कच्ची भाजी खाणार नाही. हे मी माझंच नाही, माझ्यासारख्या सगळ्यांचं सांगते.

हा भाचीच्या बाजूचा खरा गाभा आहे आणि मी इथे तिच्या बाजूने आहे. जागतिक आरोग्य संघटना दिवसाला किमान ४०० ग्रॅम फळं-भाज्या खायला सांगते. शहरात नोकरी करणाऱ्या माणसाच्या ताटात एवढं यायचं असेल तर काहीतरी तयार हाताशी असलंच पाहिजे. ताजेपणाचा आग्रह योग्य असला तरी तो धरणाऱ्या घरात दुपारी घरी असणारं, पाटा-वरवंट्यापाशी बसणारं कुणीतरी बाईमाणूस गृहीत धरलेलं असतं. त्या गृहीतकावर आपली कोशिंबीर उभी होती, हे मान्य करायला हवं.

मग भाचीने आपला हिशेब मांडला. ३०० ग्रॅम गाईच्या दुधाचं दही टांगून झालेला साधारण १५० ग्रॅम चक्का. त्यात दोन मोठे चमचे भाजलेल्या दाण्यांचा बारीक कूट, एक लहान चमचा करडईचं तेल, लसणाच्या दोन पाकळ्या, एक हिरवी मिरची, भाजून कुटलेलं जिरं, मूठभर कोथिंबीर, अर्ध्या लिंबाचा रस आणि अर्धा लहान चमचा मीठ. लसूण, मिरची, जिरं आणि मीठ आधी खलबत्त्यात एकजीव करायचं, मग कूट घालून पुन्हा कुटायचं, म्हणजे दाण्यातलं तेल सुटून गोळा होतो. तो गोळा चक्क्यात घालून रवीने घुसळायचा. घट्ट वाटलं तर ताकाने सैल करायचं, पाण्याने नाही. एवढं सगळं मिळून पावणेतीनशेच्या आसपास कॅलरी, आणि मोठे चमचे निघतात बारा-तेरा. एका चमच्याला वीस-बावीस. म्हशीचं सायीचं दही घेतलं तर तीस-बत्तीस. दोन्ही आकडे अंदाजाचेच आहेत, दूध आणि हात बदलला की बदलतील. पण मेयोनीजच्या नव्वद-शंभराशी तुलना केली तर फरक डोळ्यांत भरण्यासारखा आहे.

आत्या : दाणे कमी पायजेत तर अर्धे दाणे, अर्धं डाळं घाल. डाळं पाणी पितंय, दाटपणा येतोय. नाहीतर लाल भोपळा वाफवून मोडून घाल. भोपळ्याचं दह्यातलं भरीत कर आन् त्यालाच पातळ कर. त्याला ना दाणे लागत, ना तेल.

भाची : भोपळ्याचं खरंच सुचलं नव्हतं. रंगही सुरेख येईल. आणि साखर नको.

आत्या : चिमूटभर तर लागती. आंबटाला.

भाची : भोपळा घातला तर नाही लागणार. गाजर असलं तरी नाही. बाटलीतल्यात तिसऱ्या-चौथ्या नंबरला साखर लिहिलेली असते, म्हणून तर जीभ तिला सवकते.

आत्या : बरं, साखर नको. पण मोहरी घालशील का नाही? तुझ्या हिशेबात मोहरीच नाही.

मोहरी फेसणं ही या सगळ्यातली सर्वांत सुंदर कृती आहे, आणि आता ती थोड्याच घरांत राहिली आहे. काळ्या मोहरीचा लहान चमचा पाट्यावर घ्यायचा, थेंब थेंब गार पाणी घालत वाटायचा. आधी काळपट रवा होतो, मग तो चिकट व्हायला लागतो, रंग फिका पडतो, आणि एकदम नाकात झणका येतो, डोळ्यांना पाणी येतं. मोहरीच्या दाण्यातला झणका दाण्यात तयार नसतो. दाणा फुटून ओला झाला की त्यातला एक एन्झाइम दुसऱ्या घटकावर काम करतो आणि मग तो जन्मतो. गरम पाणी घातलं तर एन्झाइम मरतो. लगेच दही घातलं तर आम्लामुळे काम मध्येच मंदावतं. म्हणून गार पाणी, आणि फेसून झाल्यावर पाच-दहा मिनिटं थांबायचं, मगच दह्यात घालायची. आणि तो जो चिकटपणा येतो, तो मोहरीच्या टरफलातला बुळबुळीत घटक. तो तेलाचे थेंब धरून ठेवतो. मेयोनीजमध्ये अंड्याच्या जोडीला मोहरी घालतात, त्याला चवीबरोबर हेही एक कारण आहे. काकडीच्या रायत्यात फेसलेली मोहरी घालणाऱ्या बायकांना हे सूत्र कुणी शिकवलं नव्हतं. मोहरी घातलेलं रायतं एकजीव राहतं, हे त्यांनी पाहिलं होतं.

भाची : म्हणजे मोहरी घातली तर तेल आणखी कमी करता येईल, तरी फुटणार नाही.

आत्या : मला ते फुटणं-बिटणं माहीत नाही. मोहरीनं दही गोड लागतंय, एवढं खरं.

भाची : आणि मीठ शेवटी. काकडीला, मुळ्याला मीठ लागलं की पाणी सुटतं आणि सगळा दाटपणा वाहून जातो. एकतर चिरून मीठ लावायचं आणि पिळून घ्यायचं, नाहीतर मीठ ड्रेसिंगमध्येच ठेवायचं आणि खाताना वर घालायचं.

आत्या : पिळून घेतलं तर त्यातलं चांगलं पाणीच जातंय. पिळू नको. पिऊन टाक ते पाणी.

भाची : पिते, पण मिठाचं असतं ते. दिवसाला पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ खा म्हणतात.

आत्या : मंग खाताना वर घाल. आन् आणखी एक सांगते, ते तुझ्या पुस्तकात असंल-नसंल. हरभऱ्याचा शेंडा घाटेअळीची फवारणी व्हायच्या आधीच खुडायचा. एकदा फवारा मारला की त्या वावरातला पाला कच्चा खायचा नाही. बाजारातून आणायलीस तर कुणी कधी मारलं कसं कळणार? म्हणून बाजारातला हरभरा शिजवून खा. कच्चं खायचं ते ओळखीच्या वावरातलं.

भाची : आणि घरी आणल्यावर दोन-तीन पाण्यातून धुवायचा. धुऊन कोरडा करायचा. ओल्या पानाला दही धरत नाही.

आत्या : हे बरोबर बोललीस.

राहिला वाद बरणीचा, आणि तो मिटला नाही. भाचीच्या मते कोथिंबीर आणि लिंबू न घालता केलेलं हे मिश्रण स्वच्छ, कोरड्या काचेच्या बरणीत, फ्रिजमध्ये, कोरडा चमचा वापरून तीन दिवस सहज चालतं. कोथिंबीर, लिंबू आयत्या वेळी. पेडगावात वीज जाते तेव्हा तासन्तास येत नाही, त्यामुळे फ्रिजवर भरवसा ठेवायला आत्या तयार नाहीत, आणि गावात राहणाऱ्या माणसाच्या दृष्टीने ते चुकीचं नाही. पुण्यात बरणी, पेडगावात ताजं, असं मला वाटतं. आत्यांना हेही पूर्ण पटलेलं नाही. कुटाबद्दल मात्र त्या अडून बसल्या: भाजलेले दाणे डब्यात भरून ने, कूट करून नेऊ नको, आठवड्यात खवट लागतो. भाचीने ते मान्य केलं.

आत्या : भाकरीसोबत खाशील ना हे? का नुसतं वाडगं घेऊन?

भाची : भाकरीसोबत. ती ‘परभणी शक्ती’ आणली आहे ना बाबांनी, लोह आणि जस्त जास्त असलेली ज्वारी, २०१८ मध्ये आली ती. ज्वारीतलं लोह शरीराला सहजासहजी मिळत नाही. सोबत लिंबू, कच्चा पाला असला की जास्त मिळतं. म्हणून लिंबू आयत्या वेळी, ताजं.

आत्या : मंग एक कर. चक्का, कूट, लसूण तू तीन दिवसांचं करून ठेव, मी काही म्हणत नाही. पण मोहरी त्याच्यात घालून ठेवू नको. दुसऱ्या दिवशी तिचा झणका उतरलेला असतोय, नुसतीच कडवट लागती. ती रोजच्या रोज फेस.

भाची : पाटा नाही माझ्याकडे.

आत्या : खलबत्ता आहे ना? त्यात होती. गार पाणी घाल, आन् घाई करू नको.